पडद्याआडचा चहा

सकाळी दहाच्या सुमारास शोगुनच्या किल्ल्यावरचे दोन अधिकारी एदो शहरातल्या आसाबांच्या हवेलीत आले. सरदार आसाबा तादामोची यांना जाऊन तेव्हा चार तास झाले होते. वय सत्तेचाळीस. पोटी मूल नाही.

ते गेल्याचं हवेलीत दोघांनाच ठाऊक होतं : पत्नी नुइला आणि कारभारी मोरिवाकीला. शोगुनचा कायदा साफ होता. निपुत्रिक सरदाराने जिवंतपणी, अधिकाऱ्यांसमक्ष, दत्तकपत्रावर शिक्का उठवायचा. त्याआधी तो गेला तर संस्थान खालसा. तीनशे घरं उघड्यावर.

अंथरुणासमोर सहा फळ्यांचा उभा पडदा लावला होता. पडद्याआड नुइ उशाशी बसली होती. शेजारी शेगडी, तिच्यावर बिडाचं भांडं. आजारपणातही तादामोची सरकारांनी ती शेगडी हलवू दिली नव्हती. पाण्याचा आवाज नसला की मला झोप येत नाही, म्हणायचे.

"तुम्ही चहाशीच लग्न करायचं होतंत," ती म्हणायची.

"विचारलं होतं. तो नाही म्हणाला, म्हणून तुमच्याकडे आलो."

मोरिवाकीने दत्तकपत्र आत आणलं. पुतण्याचं नाव लिहिलेलंच होतं. नुइने नवऱ्याच्या बोटांत शिक्का धरवला, वर आपला हात ठेवला आणि दाबला. बोटं गार होती. कागद बाहेर गेला.

थोरले अधिकारी सोनेदा यांनी शिक्का पाहिला. "ठीक आहे," म्हणाले. वीस वर्षं ते या घरी चहाला येत होते. धाकटे उरानो नवे होते. ते दाराशी, सोनेदांच्या पाठीमागे बसले होते.

"मला आतून साधा खोकलाही ऐकू आला नाही," उरानो म्हणाले. "पडदा सरकवावा लागेल."

"सरकारांना उजेड सोसत नाही," मोरिवाकी म्हणाला.

"मी दिवा नाही आणला. डोळे आणलेत."

"थांबा, उरानो." सोनेदांनी आवाज चढवला. "आसाबासाहेब, आधण ऐकू येतंय. या घरातून चहा न घेता मी कधी उठलेलो नाही. आज उठवणार का?"

याला संशय आलाय, नुइला वाटलं. सरकारांचा चहाचा हात याच्याइतका ओळखणारा दुसरा माणूस एदोत नव्हता.

नवऱ्याला चहा करताना तिने कधी पाहिलं नव्हतं. बायकांना चहाच्या खोलीत जागा नव्हती. कागदी दारापलीकडे बसून वीस वर्षं तिने तो फक्त ऐकला होता. आज सोनेदाही ऐकणारच होते. तिने चहापुडीच्या डब्याचं झाकण काढलं. चमचा काठावर दोनदा टेकवला, दुसऱ्यांदा हळू. पाणी ओतलं. बांबूची रवी आधी सावकाश फिरवली, मग भरभर, मग मध्येच थांबवली. काहीतरी आठवल्यासारखे ते तिथे नेहमी थांबायचे. मग शेवटचे चार फेरे.

दाराशी उरानोंनी दौतीचं झाकण उघडल्याचा आवाज झाला.

नवऱ्याचा अंगरखा हातावर ओढून तिने वाडगा पडद्याच्या कडेने बाहेर सरकवला. तो उचलला गेल्याची सळसळ तिने ऐकली. आणि मग तिच्या लक्षात आलं. पाहुण्याने पहिला घोट घेतला की चहा कसा जमलाय हे यजमानाने विचारायचं असतं. ते दुसऱ्या कुणी विचारून चालत नाही.

खोलीत फक्त आधण वाजत होतं. मोरिवाकी जमिनीकडे बघत राहिला. उरानोंचा कुंचला थांबला.

"छान जमलाय," सोनेदा म्हणाले.

कुणी काही विचारलं नव्हतं.

"दर वेळी तेच विचारता आणि दर वेळी मी तेच सांगतो," सोनेदा पुढे म्हणाले. "एवढ्या बारीक आवाजात बोलून जीव दमवू नका. पडून राहा."

"काही बोलले का ते?" उरानोंनी विचारलं.

"म्हणजे? ऐकू नाही आलं? या वयात कान गेले तर पुढं कसं व्हायचं तुमचं?"

उरानोंनी कुंचला उचलला. 'सरदार शुद्धीवर आहेत. चहा स्वतः केला,' असं त्यांनी लिहिलं. दोघांनी सही केली आणि अकराच्या सुमाराला पालख्या गेल्या.

अहवाल दुपारी किल्ल्यावर पोचला. मंजुरी येईपर्यंत सरकार जिवंत असायला हवे होते, म्हणून नुइ रडली नाही, मोरिवाकीही नाही. दिवेलागणीपर्यंतही उत्तर आलं नव्हतं. तेव्हा कुठे नुइ उठली आणि पडद्याबाहेर आली.

वाडगा सोनेदांनी ठेवला होता तिथेच होता. त्याची रंगवलेली बाजू आत, सरकारांकडे वळवलेली होती. गेलेल्या माणसापुढे पान वाढून ठेवतात तशी. चहा तिने केला होता तेवढाच्या तेवढा होता.