तोच वास

दुसऱ्यांदा अंघोळ करूनही वास जाईना, तेव्हा तिला रडूच कोसळलं. दिवसभर जनावरांच्या दवाखान्यात पिंजरे धुवायचे म्हटल्यावर वास अंगाला चिकटणारच. पण हा वास तिला पाठ होता. रक्ताचा, गोडसर, कुजका. या आठवड्यात पार्वोची, म्हणजे कुत्र्यांच्या रक्ताच्या हगवणीची, चार पिल्लं आली होती. त्यातलं एकच आपल्या पायांनी घरी गेलं.

तिने केस हुंगले, मनगट हुंगलं. नुसता साबणाचा वास आला. म्हणजे वास घरातूनच येत होता.

"बाबा," तिने सासऱ्यांना हाक मारली, "साहेब कुठे आहेत?"

साहेब म्हणजे अडीच महिन्यांचं पिल्लू. नाव सासऱ्यांनीच ठेवलेलं. जन्मभर साहेबांची बोलणी खाल्ली, आता एका साहेबाला मी भरवतो, असं ते येणाऱ्याजाणाऱ्याला सांगत.

"खाटेखाली. सकाळपासून रुसलेत. दूधसुद्धा नको म्हणतात. दोनदा ओकले, म्हटलं पोट बिघडलं असेल, पडू दे उपास."

ती गुडघ्यांवर बसली. खाटेखाली पिवळा फेस होता आणि पार भिंतीपर्यंत लालसर पाणी. तिला पाहून पिल्लाने शेपूट हलवायला घेतलं, पण तेवढंही जमलं नाही. तिने त्याचा ओठ उचलून पाहिला. हिरड्या पांढऱ्याफटक.

पहिली लस झाली होती, दुसरी परवावर आली होती. तोवर याला उंबऱ्याबाहेर न्यायचं नाही, असं तिनेच सासऱ्यांना दटावलं होतं आणि त्या बिचाऱ्यांनी ते इमानेइतबारे पाळलं होतं. बाहेरचं घरात आणलं ते तिनेच. सोमवारी तिच्या चपलेचा अंगठा तुटला, तशी ती पिंजऱ्यांपाशी वापरायची चप्पल घालूनच घरी आली. कोपऱ्यावर तर दवाखाना, एका दिवसाने काय होतंय! दुसऱ्या दिवशी सकाळी पिल्लू त्याच चपलेवर डोकं ठेवून झोपलेलं दिसलं, तेव्हा तिला हसू आलं होतं.

सासऱ्यांनी पिल्लू टॉवेलात गुंडाळलं. "अगं, घाबरतेस काय अशी? सून दवाखान्यात कामाला असल्यावर साहेबांना कसली भीती?"

"बाबा, हे माझ्यामुळे झालंय." ती म्हणाली. "दवाखान्यातली चप्पल घालून आले होते मी. तिच्यातूनच आलं हे."

सासरे पिल्लू छातीशी धरून तसेच उभे राहिले. त्यांनी चार शिव्या घातल्या असत्या तरी तिला बरं वाटलं असतं.

मग त्यांनी टॉवेलासकट पिल्लू तिच्या हातात दिलं.

"तू हो पुढे. पळ. माझ्या पायांनी उशीर होईल."