लासर नावाची मुलगी

"लासर नावाची मुलगी या गावात कधी जन्मलेलीच नाही!" फिनोलाने पेगच्या टेबलावर वही आपटली. "चर्चची बाप्तिस्म्याची वही पाहिली. शाळेचा पट पाहिला. दफनभूमीतला एकूण एक दगड वाचला. हे १९५८ तुम्ही आणलंत कुठून?"

पेग कॉनीलीने शांतपणे किटली चुलीवर ठेवली. शहाऐंशी वर्षांची बाई, पण हात जरासुद्धा थरथरत नव्हता. फिनोलाला त्याचाच जास्त संशय आला. सराईतपणे थापा मारणाऱ्यांचे हात थरथरत नाहीत.

बाळांच्या आयरिश नावांचं एक पुस्तक गॅलवेहून निघायचं. त्यातलं प्रत्येक नाव खरं की खोटं, हे तपासायचं काम फिनोलाचं. लोक वाट्टेल ते लिहून पाठवत. एका गृहस्थाने तर आपल्या आजीला थेट राणीच्या वंशात नेऊन बसवलं होतं. मागच्या आवृत्तीत एक बनावट नाव तिच्या नजरेतून निसटलं आणि कॉर्कपासून डोनेगलपर्यंत चाळीस मुली ते नाव घेऊन बागडू लागल्या. आणखी एक चूक झाली की काम हातचं जाणार होतं. दुधाने तोंड पोळलेली फिनोला आता ताकही फुंकून पीत होती.

पेगचं पत्र चारच ओळींचं होतं. 'लासर. अर्थ ज्योत. आमच्या गावात एका मुलीचं ठेवलं होतं, १९५८ साली. पुस्तकात घ्यावं.'

"कुणाची मुलगी?" फिनोलाने विचारलं.

"माझी."

"तुमच्या पाचही मुलांची नावं आहेत माझ्याकडे. मोठी नोरा, १९६० ची. त्यात लासर नाही."

"नसणारच."

"म्हणजे नाव आवडलं, आणि दिलंत ठोकून! आम्ही काय डोळे मिटून छापायचं?"

पेगने तिच्याकडे वळून पाहिलं. "तू कुठली गं?"

"खाडीपलीकडची."

"इथलीच की! आणि तरी वह्या चाळत बसलीस? चल."

तिने मागचं दार उघडलं. शेतातलं गवत नुकतंच कापलं होतं. फक्त कोपऱ्यात, काटेरी झाडाखाली, ते गुडघाभर वाढलेलं होतं. येताना ते पाहून फिनोला मनात म्हणाली होती, काय आळशी माणसं! पेगने काठीने गवत बाजूला केलं. आत दगड होते. पावाच्या लादीएवढे, ओबडधोबड. एकावरही अक्षर नव्हतं.

फिनोला जागीच थांबली. असा कोपरा तिच्याही गावात होता. तिथे कुणी नांगर घालत नसे, की विळा लावत नसे. बाप्तिस्म्याआधी गेलेल्या बाळांना चर्चच्या दफनभूमीत जागा नसायची. ती बाळं अशा कोपऱ्यात पुरली जायची. वहीत नोंद नाही, दगडावर नाव नाही. हे तिला लहानपणापासून माहीत होतं आणि तरीही ती तीन दिवस बाप्तिस्म्याची वही उलटीपालटी करत होती.

"ती रडलीच नाही," पेग म्हणाली. "न रडलेल्या पोरीला फादर पाणी लावत नसत. नवऱ्याने लोण्याच्या खोक्यात घालून आणलं तिला. मला अंथरुणातून उठूसुद्धा दिलं नाही. नाव मी मनातच ठेवलं. यातला दगड कुठला, तेही मला ठाऊक नाही."

फिनोलाला स्वतःची लाज वाटली. तिने वही उघडली, 'लासर'समोरची लाल फुली खोडली आणि लिहिलं, 'एक मुलगी. १९५८. माहिती आईकडून. तपासलं.'

"माफ करा मला," ती म्हणाली. "चोर पकडायला आल्यासारखी आले मी तुमच्या घरी."

"माफी कसली मागतेस, पोरी?" पेगने तिचा हात धरला. "सहासष्ट वर्षांत माझ्या लासरची चौकशी करत दारात आलेलं तूच पहिलं माणूस."