शोधा

प्रांजलने पुढे केलेला ड्युटीचा तक्ता मेबल मॅडमनी एका नजरेत वाचला. विद्यार्थिनींची एकच तुकडी एकाच आठवड्यात बाळंतिणींच्या वॉर्डातही होती आणि ऑपरेशन थिएटरातही. त्यांनी चुकीवर बोट ठेवलं नाही. लाल पेनाने खाली ‘शोधा’ एवढंच लिहिलं आणि कागद परत सरकवला.

नऊ वर्षांपूर्वी याच नर्सिंग कॉलेजात लोखंडे मॅडम मेबल मॅडमचे तक्ते असेच परत करायच्या. चूक कधी सांगायच्या नाहीत, सगळ्या स्टाफसमोर हसायच्या मात्र. मेबल मॅडमची रक्तदाबाची गोळी तेव्हापासूनची. लोखंडे मॅडम निवृत्त झाल्या आणि आता त्यांचीच सून प्रांजल नवी ट्यूटर म्हणून हाताखाली आली होती. आयती.

तो शब्द वाचून प्रांजलचा चेहरा उतरला.

“सासूबाईपण हेच लिहितात, मॅडम. घरी रोज तक्ता मागून घेतात, चूक सांगत नाहीत. पाहुणे आले की त्यांना दाखवून हसतात.”

मेबल मॅडम त्या लाल अक्षरांकडे बघत राहिल्या. अक्षर त्यांचंच होतं, तरी ओळखीचं वाटेना. मग त्यांनी शेजारची खुर्ची ओढली आणि कोरा कागद घेतला. आधी तुकड्या मांडायच्या, मग सुट्ट्या, वॉर्ड सगळ्यात शेवटी. कॉलेज सुटेपर्यंत त्यांनी तिच्याकडून तीनदा तक्ता करून घेतला. तिसऱ्यात नखाएवढीही खोट नव्हती.

“हा सासूबाईंना दे,” पेनाचं टोपण लावत त्या म्हणाल्या. “मेबलने पाठवलाय म्हणावं. आणि म्हणावं, शोधा.”