पाण्याबाहेरच्या पायऱ्या

धरणाची दारं उघडायची की नाही, यावर यंत्रांनीच लिहिलेल्या नव्या प्रोग्रॅम्सचं सकाळपासून एकमत होत नव्हतं. पाऊस थांबत नव्हता. शेवटी अभियंता रेहाना मुलाणीने एकोणऐंशी वर्षांच्या इंदुमती हेरवाडकरांना घरून बोलावलं आणि त्यांनी पन्नास वर्षांपूर्वी याच धरणासाठी लिहिलेला प्रोग्रॅम ब्राउझरमध्ये उघडला. त्याचा मूळ कोड कधीच हरवला होता. उरली होती ती नुसती चालणारी फाइल, जिच्यात आता कोणालाच काही बदलता येत नव्हतं.

काळ्या पडद्यावर प्रश्न आला, ‘पाण्याबाहेर किती पायऱ्या आहेत?’

धरणाच्या भिंतीवरून पाण्यात उतरणाऱ्या त्या पायऱ्या. रेहानाने पाणीपातळीच्या सेन्सरवरून हिशेब करून लगेच चाळीस टाकलं.

‘दहा सेकंदांत कोणी खाली जाऊन येत नाही. जाऊन या.’

"हे वगळता येईल का, मॅडम?"

"नाही येणार," इंदुमतीबाई म्हणाल्या. त्यांची मान नकळत ताठ झाली होती.

रेहाना गेली आणि धापा टाकत परतली. "नऊच आहेत. सेन्सर गाळाने बुजलाय."

तिने नऊ टाकताच प्रोग्रॅमने पाच दारं उघडायला सांगितली. खालच्या गावांसाठी भोंगा वाजला, दारं वर गेली.

"कामगारांवर इतका अविश्वास होता तुमचा?" रेहानाने विचारलं.

"कामगार कुठले? पायऱ्या मोजायची पाळी माझीच असायची," पडद्यावरची नजर न काढता इंदुमतीबाई म्हणाल्या. "पावसात खाली उतरायचा मला भारी कंटाळा. मी मला चांगली ओळखून होते."