खुर्च्यांची मांडणी

“अकरा खुर्च्या. एका ओळीत. आणि पडदे ओढलेलेच राहू देत,” देशाच्या राजधानीहून आलेले सचिव म्हणाले.

काकांनी मान डोलावली. राज्यपालांच्या बंगल्यातलं मोठं दालन गेली सव्वीस वर्षं त्यांच्या ताब्यात होतं. गालिचे, खुर्च्या, झुंबरं, सगळं. समारंभाला काय लागतं ते काकांना विचारायचं, असा बंगल्याचा रिवाज. आज कुणी विचारलं नाही. सचिवांनी यादीच आणली होती. समोर बुटकं टेबल. त्यावर हिरवं कापड, सह्यांची वही, दोन पेनं. राज्यपालांसाठी एक माईक आणि त्याच्यासमोर दुसरा.

यादीतल्या दुसऱ्या माईकवर काकांचं बोट थांबलं. दोन माईक असे समोरासमोर एकाच कामाला लागतात. एकावर राज्यपाल शपथ वाचतात, दुसऱ्यावर नवे मंत्री ती म्हणतात. काकांनी ही मांडणी पाच वेळा केली होती, आणि पाचही वेळा निवडणुकीनंतर. आता निवडणूक नव्हती. राज्यात चांगलं बहुमताचं सरकार बसलेलं होतं.

“समारंभ कसला आहे, साहेब?”

“उद्या सकाळी सातला कळेल.” सचिवांनी टोपली पुढे केली. तिच्यात सगळ्या नोकरांचे फोन होते. काकांनी आपलाही टाकला. “आज कुणी घरी जायचं नाही. तुमच्या घरी आम्ही कळवलंय.”

तीन महिने राजधानीची आणि राज्याची जुंपली होती. राजधानीनं खाणींचा कायदा केला होता, आणि डोंगराखालच्या सगळ्या जमिनी तिच्या ताब्यात जाणार होत्या. मुख्यमंत्री विधानसभेत उभे राहिले आणि म्हणाले, आमच्या माणसांना विचारल्याशिवाय एक ढेकूळ हलणार नाही. काकांची थोरली बहीण त्याच डोंगराखाली राहायची. तिच्या भिंतीवर मोजणीवाल्यांनी लाल फुली मारून ठेवली होती. त्या संध्याकाळी तिनं ती विटेच्या तुकड्यानं घासून काढली आणि भावाला फोन केला. “आता झोप लागेल बघ,” ती म्हणाली.

चारच्या ठोक्याला मुख्यमंत्री आले. राज्यपालांनी चहाला बोलावलं होतं. बसून वाद मिटवू, असा निरोप होता. बरोबर उपमुख्यमंत्री होते. दोघं विद्यार्थी असताना आंदोलनात पकडले गेले होते, एका कोठडीत चार महिने राहिले होते. तेव्हापासूनची जोडी. एकाला शिंक आली की दुसरा रुमाल काढतो, अशी त्यांची चेष्टा व्हायची.

“काय काका, गुडघा काय म्हणतो?” मुख्यमंत्र्यांनी विचारलं.

“कुरकुरतो साहेब, पण चालतो.”

“मग आमच्या सरकारसारखाच की!” स्वतःच्याच विनोदावर ते खळखळून हसले.

काकांना हसू फुटेना. मुख्यमंत्र्यांचे अंगरक्षक फाटकाबाहेरच थांबवलेले त्यांना दिसत होते. आत उभे असलेले शिपाई सगळे अनोळखी होते. त्यांच्या बाहीवर राजधानीचा बिल्ला होता.

बैठकीच्या खोलीचं दार लागलं. सचिव दाराशी उभे राहिले. काका दालनात येऊन खुर्च्या पुसू लागले. एकाच खुर्चीचा एकच हात ते कितीतरी वेळ पुसत होते. सव्वीस वर्षांत त्यांनी या भिंतींच्या आत ऐकलेला एक शब्द बाहेर नेला नव्हता. बायकोलासुद्धा कधी सांगितला नव्हता. आज गप्प बसलं तर उद्या बहिणीला काय तोंड दाखवायचं?

दार उघडलं. उपमुख्यमंत्री एकटेच बाहेर आले आणि हात धुवायला कोपऱ्यापलीकडच्या न्हाणीघराकडे वळले. काकांनी कपाटातून धुतलेला टॉवेल काढला आणि ते मागोमाग निघाले. सचिवांनी टॉवेलकडे पाहिलं आणि काही विचारलं नाही.

नळ चालू होता. काकांनी दार लोटून घेतलं.

“साहेब, रागावू नका, पण उद्या सकाळी सातला इथे शपथविधी आहे. मोठं दालन मांडून ठेवलंय. आमचे फोन काढून घेतलेत. तुमचं सरकार आज रात्रीत जाणार.” काका एका दमात बोलले. “मुख्यमंत्र्यांना आत्ताच्या आत्ता इथून न्या. आमदार गोळा करा. अजून वेळ आहे.”

उपमुख्यमंत्र्यांनी नळ बंद केला. आरशात ते काकांकडे बघत राहिले.

“आणखी कुणाला बोललात?”

“कुणालाच नाही. त्यांच्या कानावर घालायला तुमच्याइतकं जवळचं कोण आहे, साहेब?”

“बरं केलंत.”

भिंतीला टेकून काकांनी श्वास सोडला. उपमुख्यमंत्र्यांनी टॉवेल घेतला आणि एकेक बोट सावकाश कोरडं केलं. पलीकडच्या खोलीतून मुख्यमंत्र्यांचं मोठ्यानं हसणं ऐकू आलं. ते थांबेपर्यंत उपमुख्यमंत्री तसेच उभे होते. मग त्यांनी टॉवेलाची नीट घडी केली, काकांच्या हातावर ठेवली आणि त्यांच्या खांद्यावर हात टाकला.

“काका, मला डाव्या कानानं कमी ऐकू येतं,” ते हळूच म्हणाले. “उद्या शपथ घ्यायला बसेन तेव्हा राज्यपाल माझ्या उजव्या हाताला येतील, अशी माझी खुर्ची मांडा.”