आईच्या उशाशी

“अरे रड की लेका! आई मरतेय तुझी,” दिग्दर्शक तिसऱ्यांदा ओरडला.

नायकाला रडू येईना. येणार कसं? पलंगावरची आई म्हणजे मिशा काढलेला एक बाप्या, आणि तो पडल्या पडल्या चक्क घोरत होता. बायका तेव्हा त्या मुक्या सिनेमात यायला तयार नसत, त्याला कोण काय करणार!

“काहीही बोल. ऐकतंय कोण? ओठ हलू देत आणि डोळ्यांत पाणी येऊ दे. कॅमेरा पार तोंडाशी लावलाय.”

कॅमेरा खडखडू लागला. त्या आवाजात आठ दिवस मनात डाचत असलेली गोष्ट आपसूक त्याच्या तोंडून बाहेर पडली.

“आई, मी नालायक आहे गं. त्या दिवशी तू डबा घेऊन इथे आलीस, मोठमोठ्यानं हाका मारत. सगळे हसले. कोण ही, म्हणाले. मी तुझ्याकडे पाठ केली आणि सांगितलं, आमची स्वयंपाकीण. आई तर कधीच वारली, असंही सांगितलं. लाज वाटली मला तुझी.”

मग जे रडू फुटलं ते थांबेचना. दिग्दर्शक खूश!

घरी आई जेवायची थांबली होती. दोघं रोज एकत्रच जेवत. एका मोठ्या तापात तिचे कान गेले होते. आपला आवाज केवढा आहे, हे तेव्हापासून तिला कळतच नसे.

“बबड्या, डोळे का रे लाल?”

तो मान खाली घालून काहीतरी पुटपुटला. तिनं हनुवटी धरून त्याचं तोंड आपल्याकडे वळवलं. “हं, आता सांग.”

“ऊन लागलं.”

“मग जेवून जरा पड.”

दोन महिन्यांनी सिनेमा लागला. आईनं हट्टच धरला. त्यानं आधी टोलवाटोलवी केली, मग त्याची त्यालाच शरम वाटली. बिचारीला ऐकू येत नाही, पडद्यावरच्या पाट्या वाचायला अक्षरओळख नाही. निदान पोराला एवढा मोठा झालेला तरी बघेल. तरी बसवलं तिला शेवटच्या रांगेतच, आणि स्वतः टोपी डोळ्यांवर ओढून बसला.

मरणाचा प्रसंग आला. पाटी झळकली : ‘आई, मला सोडून जाऊ नकोस!’ अख्खं थिएटर मुसमुसू लागलं. आई मात्र रडली नाही. पडद्यावरच्या त्याच्या ओठांवरून तिची नजर हलली नाही. हिला काहीच कळलं नाही, असं वाटून त्याला वाईट वाटलं, आणि खरं सांगायचं तर हायसंही वाटलं.

दोघं घरी आली. आल्या आल्या हात धुऊन तिनं ताट मांडलं. एकच. मग दाराशी उभी राहिली आणि कान गेल्यापासून पहिल्यांदाच हलक्या आवाजात म्हणाली, “साहेब, पान वाढलंय.”