कुंड्यांपलीकडची शाल

गुणवंतच्या पोरकटपणाला इंदुमतीबाई सकाळपासून कावल्या होत्या. त्याचं कॅनडातलं वर्क परमिट संपलेलं, नवं यायचंय, ‘देशाबाहेर पाऊल पडलं तर परत येणं कठीण’ असं वकिलानं बजावलेलं, आणि हा आईला सहलीच्या बसनं थेट सरहद्दच दाखवायला घेऊन आला! गावातल्या रस्त्यावर नुसत्या फुलांच्या कुंड्या मांडलेल्या. अलीकडे कॅनडा, पलीकडे अमेरिका. तिकडे गाडीत एक पोलीस बसलेला. फोटोसाठी उभं राहताच वाऱ्यानं बाईंची शाल उडाली आणि कुंड्यांपलीकडे पडली. नवऱ्याचा जन्मात एकदाच सत्कार झाला, तेव्हाची ती शाल. “आणतो गं, आई,” म्हणत गुणवंतनं पाय उचलला. पोलिसानं गाडीचं दार उघडलं. दोन्ही हातांनी लेकाचा पट्टा धरून मागं खेचत बाई ओरडल्या, “अशा छप्पन शाली मिळाल्या तुझ्या बापाला, मेल्या! लेक मात्र एकच, तोही बिनडोक!”